आर्नोच्या ओठांवरचा आवाज

फोल्कमार टेसनचा चेहरा लक्षात राहण्यासारखा नाही, हे त्याला पहिल्यांदा सांगितलं बर्लिनच्या नाट्यशाळेतल्या परीक्षकांनी. तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता. तिघं परीक्षक होते. त्यातल्या सगळ्यात म्हाताऱ्यानं चष्मा पुसत पुसत म्हटलं, "पोरा, आवाज देवानं दिलाय तुला. पण तू दार ओढून बाहेर गेलास, की कसा दिसत होतास ते आम्हाला आठवायचं नाही." प्रवेश मात्र दिला. फोल्कमारनं घरी पत्र लिहिलं, त्यात फक्त आवाजाचं लिहिलं.

हा आवाज सापडला होता बाड क्लाइनेनच्या जंक्शनवर. त्याचा बाप तिथं गाड्यांचे रूळ बदलणारा सांधेवाला होता. एका हिवाळ्यात गाड्यांची घोषणा करणाऱ्या माणसाचा घसा बसला आणि स्टेशनमास्तरनं सोळा वर्षांच्या फोल्कमारला माइकसमोर उभं केलं. विस्मारची गाडी पाच मिनिटं उशिरा आहे, एवढंच तो म्हणाला, तर फलाटावरच्या माणसांनी हातातल्या पिशव्या खाली ठेवल्या. त्यांच्यात आमच्या श्वेरीनच्या नाट्यगृहात नटांना शब्दोच्चार शिकवणाऱ्या एक बाई होत्या. आपली गाडी सोडून त्या चौकशी करत सांधेवाल्याच्या केबिनपर्यंत गेल्या.

"हे कोण बोलतंय?"

"माझा मुलगा," बाप उठून उभा राहत म्हणाला. "काही चुकलं का त्याचं?"

नाट्यशाळेतून बाहेर पडल्यावर तो श्वेरीनलाच आला, नाट्यगृहात नोकरीला लागला आणि पुढची कित्येक वर्षं निरोप्ये, पाद्री, न्यायाधीश, भुतं अशी कामं करत राहिला. पडद्यामागून बोलायचं असलं की हमखास त्यालाच उभं करत. तिथंच टोप्या शिवणाऱ्या गेझीनेशी त्याचं लग्न झालं. गेझीने सडेतोड बाई. पहिल्याच भेटीत तिनं त्याच्या डोक्याचं माप घेतलं आणि म्हणाली, "डोकं मोठं आहे. मुकुट मिळायला हवा होता. पाद्र्याची टोपीच नशिबी दिसते."

आर्नो येश्के आला तो चौसष्ट साली, गोरलित्सकडून. दोन वर्षांनी मोठा, उंच, हाडकुळा, आणि चेहरा असा की तो नुसता खुर्चीवर बसून बूट बांधत असला तरी लोक बघत राहायचे. आवाज मात्र पातळ, थोडा चिरका. बोलता बोलता मधेच अडखळायचा, जसं काही पुढचा शब्द त्याला त्या क्षणीच सुचतोय. शब्दोच्चाराच्या बाईंनी ते अडखळणं काढून टाकायला दोन वर्षं खर्ची घातली, मग हात टेकले. प्रेक्षकांना तेच आवडायचं.

फोल्कमारला आर्नोची नक्कल अशी साधली होती की कॅन्टीनमध्ये डोळे मिटून ऐकणारा फसायचा. दुपारी सगळे सोल्यांकाचं आंबट सूप ओरपत बसलेले असायचे आणि फोल्कमार आर्नोच्या आवाजात स्वयंपाकीणबाईंकडे आणखी एक वाडगा मागायचा. बाई आर्नोलाच ओरडायच्या, "येश्के, लाज वाटत नाही? तिसरा आहे हा!" सगळ्यात जास्त हसायचा तो आर्नो. "माझ्यापेक्षा तूच बरा आर्नो आहेस रे," तो म्हणायचा. "माझं तोंड घेऊन जा, म्हणजे झालं."

दोघांच्या बागेचे तुकडे तलावाकाठी एकमेकांना लागून होते. आर्नोची बायको मार्लिस मायेनं भाज्या वाढवायची, गेझीने रागानं; दोघींची कोबीवरून चढाओढ चालायची. रविवारी हे दोघं झारीनं पाणी घालता घालता आपापले संवाद पाठ करायचे. फोल्कमारला मूल नव्हतं, आर्नोलाही नव्हतं. माणसानं जवळचं म्हणावं असं त्या दिवसांत त्यांना एकमेकांशिवाय फारसं कोणी नव्हतं.

सहासष्टपासून फोल्कमारला चित्रपटात कामं मिळू लागली. तिसरा सैनिक. टपालवाला. शाळेतला शिक्षक, जो फळा पुसतो आणि निघून जातो. सव्वीस चित्रपट केले त्यानं. गेझीने म्हणायची, "सगळ्या चित्रपटांतलं तुझं काम एका पाठोपाठ एक लावलं तरी तेवढ्यात माझी अंडी उकडून होणार नाहीत." तो हसायचा, पण तेवढ्यासाठी तो पहाटेच्या गाडीनं निघायचा आणि एका वाक्यासाठी पूर्ण दिवस रंग लावून बसून राहायचा. कॅमेरा आपल्याकडे वळण्याच्या आधीचा तो अर्धा क्षण त्याला फार आवडायचा. त्या अर्ध्या क्षणात काहीही होऊ शकतं असं वाटायचं.

सत्त्याहत्तरच्या उन्हाळ्यात 'माथिस नावाडी' या चित्रपटाचं चित्रण ओडरकाठी झालं. नदीवर पूल होणार म्हणून ज्याची होडी बंद पडते, अशा नावाड्याची गोष्ट. माथिसची भूमिका आर्नोची. फोल्कमार पुलाचा इंजिनियर; दोन प्रसंग, अकरा वाक्यं. वाऱ्यानं नुसता उच्छाद मांडला होता आणि पलीकडच्या काठावर दिवसभर गाळ काढणारं यंत्र घरघरत असायचं. ध्वनिमुद्रक कानावरचे फोन आपटून म्हणाला, "यातलं एक अक्षर वापरता यायचं नाही. सगळं नंतर स्टुडिओत बोलून घ्यावं लागणार."

शेवटून दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत आर्नो त्याला काठाकाठानं लांब घेऊन गेला.

"फोल्की, मी अर्ज दिलाय."

"कसला?"

"जाण्याचा. कासेलला. मार्लिसची आई अंथरुणाला खिळलीये, करणारं कोणी नाही." एक खडा पाण्यात भिरकावून तो म्हणाला, "तेवढंच नाही. पण तेवढंच धर."

त्या काळी असा अर्ज देणं म्हणजे काय, ते आम्हाला कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. देश कायमचा सोडून भिंतीच्या पलीकडे, पश्चिमेत जायचं. 

"वेड लागलंय का तुला? चित्रपट तरी पुरा होऊ द्यायचास!"

"चित्रपट होईल की पुरा. माझं काम तर झालंच आहे."

"आवाज राहिलाय तुझा."

"हां," आर्नो पाण्याकडे बघत म्हणाला. "तो राहिलाय खरा."

ऑक्टोबरमध्ये अर्जाची बातमी वरपर्यंत पोचली. आर्नोचं नाव नाट्यगृहाच्या फळ्यावरून पुसलं गेलं. त्याला स्मशानभूमीत पानं गोळा करायच्या कामाला लावलं. कॅन्टीनमध्ये त्याच्या खुर्चीवर कोणी बसत नव्हतं आणि त्याच्याबद्दल कोणी बोलतही नव्हतं. फोल्कमारनं नक्कल करणं बंद केलं. बागेवर तो आता शनिवारी जायला लागला, कारण आर्नो रविवारी यायचा.

नोव्हेंबरात चित्रपटाच्या कचेरीतून कूनर्टबाई श्वेरीनला आल्या. हुशार बाई होत्या आणि वाईट म्हणाव्या अशाही नव्हत्या. त्यांनी फोल्कमारला तळ्यासमोरच्या कॅफेत बोलावलं आणि कॉफीबरोबर केकही मागवला.

"टेसन, तुम्ही येश्केचा आवाज काढता म्हणे."

"कॅन्टीनमध्ये काढायचो. गंमत म्हणून."

"माथिसला आवाज हवाय."

"आर्नो आहे की. त्यालाच बोलवा."

"त्याला बोलावता येत नाही हे तुम्हालाही ठाऊक आहे. चित्रपट दाखवायचं ठरलंय, त्याचं नाव काढून. आता दोनच वाटा आहेत. एक तर तुम्ही, नाहीतर बर्लिनचा कोणी परका माणूस, जो माथिसला बातम्या वाचणाऱ्यासारखा बोलायला लावेल. मित्राचं काम मित्रानं वाचवलेलं बरं, नाही का?"

फोल्कमार केककडे बघत राहिला. कूनर्टबाईंनी हातमोजे चढवले आणि उठता उठता म्हणाल्या, "आणि हो, टेलिव्हिजनवाले एका मालिकेसाठी गावचा हवालदार शोधताहेत. चारचौघांसारखा दिसणारा, लोकांना आपल्या शेजारचा वाटेल असा. मी तुमचं नाव घातलंय त्यांच्या कानावर. त्याचा याच्याशी काही संबंध नाही."

घरी त्यानं गेझीनेला सगळं सांगितलं. ती एका फेल्टच्या टोपीला वाफ देत होती.

"आर्नोला विचारलंस?"

"विचारून काय होणार? तो नको म्हणाला तरी कोणीतरी करणारच आहे."

"काय होणार ते मी नाही विचारलं. विचारलंस का, ते विचारलं."

त्यानं विचारलं नाही. आर्नो तेव्हा चालत वीस मिनिटांच्या अंतरावर राहत होता.

डबिंग चार दिवस चाललं. दोन-तीन वाक्यांचा तुकडा पडद्यावर पुन्हा पुन्हा फिरायचा, आणि फोल्कमार अंधाऱ्या खोलीत उभा राहून आर्नोच्या ओठांवर आपले शब्द बसवायचा. पहिल्या दिवशी जमेना. नक्कल कॅन्टीनपुरती ठीक होती. इथं ती नकलेसारखीच ऐकू यायची. दुसऱ्या दिवशी त्यानं ओठांकडे बघणं सोडलं आणि आर्नोच्या छातीकडे बघायला लागला. आर्नो श्वास कधी घेतो, कुठं रोखून धरतो. तो श्वास सापडला आणि मग सगळं आपोआप आलं. माथिस मरणाऱ्या बापाला सांगतो की होडी अजून चालू आहे, खोटंच सांगतो, तो प्रसंग एका दमात झाला. बोलताना फोल्कमारला रडू कोसळलं आणि तेही त्यानं आर्नोसारखं, नाकातल्या नाकात रडून घेतलं. काचेपलीकडच्या ध्वनिमुद्रकानं कानावरचे फोन काढले. मग म्हणाला, "माणसा, इतकी वर्षं कुठं होतास?"

फोल्कमारला त्या दिवसाबद्दल सगळ्यात जास्त लाज कशाची वाटत आली असेल, तर आपण त्या दिवशी आनंदात होतो याची. स्टुडिओतून स्टेशनपर्यंत तो शीळ घालत गेला. आपण आयुष्यात इतकं चांगलं काम कधी केलं नव्हतं, आणि पुढंही करणार नाही, हे त्याला तेव्हाच कळलं होतं.

मार्चमध्ये आर्नोला परवानगी मिळाली. चोवीस तासांत निघायचं होतं. दुपारी चारच्या सुमाराला तो निरोप घ्यायला आला. फोल्कमारनं खिडकीतून त्याला रस्ता ओलांडताना पाहिलं. दोन दिवसांनी हवालदाराच्या करारावर सही व्हायची होती. तो स्वयंपाकघरात गेला आणि मागं दार लोटून घेतलं.

"मी चित्रणाला गेलोय म्हणून सांग."

गेझीने त्याच्याकडे बघत राहिली. "मी सांगू?"

"एवढं कर माझ्यासाठी."

घंटी वाजली. स्वयंपाकघरातून सगळं ऐकू येत होतं. गेझीनेचा कोरडा आवाज, "नाही रे आर्नो, तो बाहेरगावी आहे." मग आर्नो म्हणाला, "असं का. बरं." थोडा वेळ गेला. "मग त्याला सांग, की..." आणि नेहमीसारखा अडखळला. पुढचा शब्द मात्र आला नाही. "राहू दे. सांग, येऊन गेलो." गॅसवर वाटाण्याचं सूप उकळत होतं. फोल्कमारला ठसका लागला, तो त्यानं टॉवेलमध्ये तोंड खुपसून दाबला. जिन्यावरून पावलं खाली गेली. गेझीने आत आली, गॅस बंद केला आणि त्या दिवशी जेवली नाही.

'माथिस नावाडी' त्याच वर्षी लागला. नामावलीत माथिसच्या पुढं कोणाचंच नाव नव्हतं. वर्तमानपत्रांनी चित्रपटाचं कौतुक केलं, त्यातल्या पुराच्या प्रसंगाचं केलं, कॅमेऱ्याचं केलं. एकानं लिहिलं की नावाड्याचा तो अडखळता आवाज कानातून जात नाही. फोल्कमारनं ते कात्रण कापलं, घडी घातली आणि मग कोळशाच्या शेगडीत टाकलं.

टेलिव्हिजनवरचा हवालदार ब्लोम मात्र ऐंशी सालापासून चालला. अकरा वर्षं. रविवारी संध्याकाळी फोल्कमार सायकलवरून गावोगाव फिरायचा, हरवलेल्या कोंबड्या शोधायचा, नवरा-बायकोची भांडणं मिटवायचा. चेहरा लक्षात राहत नाही म्हणत होते ना, आता पोरंटोरं रस्त्यात त्याला सलाम ठोकायची. बाजारात माशांच्या गाडीवर बाई म्हणायच्या, "हवालदारसाहेब, आमच्या शेजाऱ्याचं काहीतरी करा हो, रात्रंदिवस अकॉर्डियन वाजवतो!" गळक्या छपरांच्या तक्रारींची पत्रं यायची. फोल्कमार सगळ्यांना उत्तरं लिहायचा. कासेलहून तीन कार्डं आली, तीही त्याच टपालात. त्यांना उत्तर गेलं नाही. पहिल्यावर लिहिलं होतं, 'आम्ही ठीक. इथल्या कोबीला मार्लिस नावं ठेवते.' उत्तर द्यायचं तर कुठून सुरुवात करायची, हे त्याला कळेना. एक महिना गेला, मग वर्ष गेलं, मग उशीर हेच न लिहिण्याचं कारण झालं.

भिंत पडली आणि दीड वर्षात ब्लोम बंद झाला. नव्या पैशांबरोबर नवे हवालदार आले, ते मोटारीतून फिरायचे. त्रेपन्नाव्या वर्षी फोल्कमार बर्लिनला नटांना कामं मिळवून देणाऱ्या एका चकचकीत ऑफिसात जाऊन बसला. समोरच्या मुलीनं विचारलं, "याआधी काही केलंय तुम्ही?"

"हवालदार होतो. अकरा वर्षं."

"अरे वा, म्हणजे खरंखुरं पोलीस खातं!" ती म्हणाली आणि लिहून घेतलं.

पुढं त्याला काम मिळत राहिलं, पण ते असं. कुत्रा फिरवता फिरवता ज्याला प्रेत सापडतं तो म्हातारा. ज्याचं प्रेत सापडतं तो म्हातारा. खोकल्याच्या गोळ्यांच्या जाहिरातीतला आजोबा. नाताळात तो वृद्धाश्रमांत जाऊन गोष्टी वाचायचा, आणि आज्या त्याला 'ब्लोम' म्हणून हाक मारायच्या.

अठ्ठ्याण्णव साली श्वेरीनच्या चित्रपट मंडळानं 'माथिस नावाडी' दाखवायचं ठरवलं. रविवारी सकाळी अकराचा खेळ, नंतर गप्पा. त्यांनी आर्नो येश्केला शोधून काढलं होतं, आणि तो येणार होता. फोल्कमारलाही बोलावणं आलं, इंजिनियर म्हणून.

"जाणारेस ना?" गेझीनेनं विचारलं.

"बघू."

"बघू नाही. या वेळी मी दारात उभी राहणार नाही."

आर्नो काठी टेकत आला. गुडघे गेले होते, केस गेले होते; चेहरा तसाच, बघत राहावं असा. तो फोल्कमारला बघून थांबला, मग काठी डाव्या हातात घेऊन उजवा पुढं केला.

"जाड झालास रे, फोल्की."

"तू म्हातारा झालास."

"वीस वर्षं झाली. तेवढी परवानगी असावी माणसाला."

आर्नोनं तो चित्रपट कधीच पाहिला नव्हता. दोघं शेजारी शेजारी बसले. पडद्यावर माथिसनं तोंड उघडलं तेव्हा आर्नोनं मान किंचित वळवली, आणि पुढचा दीड तास फोल्कमार पडद्याकडे बघू शकला नाही. बापाच्या प्रसंगात आर्नोचा हात काठीवर घट्ट झाला, एवढं त्याला दिसलं.

दिवे लागले. टाळ्या झाल्या. दोघांना पुढं खुर्च्यांवर बसवलं. तिसऱ्या रांगेतल्या एका बाईंनी उठून म्हटलं, "हेर येश्के, तुमचा तो आवाज! वीस वर्षांपूर्वी ऐकला होता, अजून विसरले नाही मी. आज पुन्हा अंगावर काटा आला."

 आर्नो फोल्कमारकडे वळला आणि वाट बघत राहिला. त्या नजरेत राग नव्हता. 'बोल, आता तुझी पाळी,' एवढंच होतं.  एक वाक्य पुरेसं होतं, 'आवाज माझा आहे.' फोल्कमार समोरच्या ग्लासातलं पाणी प्यायला.

"तो आवाज माझा नाही," शेवटी आर्नोच म्हणाला. "मला तेव्हा स्टुडिओत येऊ देत नव्हते."

"अरे देवा! मग कोणाचा?"

"कोणा मेहनती माणसाचा असणार," आर्नो म्हणाला. "नाव... नाव नाही आठवत आता."

आणि त्यानं लोकांना होडी कशी वल्हवायला शिकलो ते सांगायला सुरुवात केली. लोक हसले. फोल्कमारही हसला.

दुपारी गेझीनेनं दोघांना घरी जेवायला घातलं, तळलेले हेरिंग मासे आणि परतलेले बटाटे. आर्नोनं पश्चिमेतली हकिगत सांगितली. दोन नाट्यगृहांनी घेतलं, दोन्हींनी काढून टाकलं. टेलिव्हिजनवर एका न्हाव्याचं काम मिळालं. मग वाहन चालवायला शिकवणाऱ्या एका शाळेत लागला आणि पुढं ती शाळाच त्याची झाली.

"सोळा वर्षं लोकांना ब्रेक दाबायला शिकवतोय," तो म्हणाला. "नटांपेक्षा बरे ऐकतात."

गेझीने कॉफी करायला गेली. आर्नोनं काटा खाली ठेवला.

"फोल्की, काम उत्तम केलंस. खोटं नाही सांगत. मी केलं असतं त्याहून बरं केलंस. बापाच्या प्रसंगात 'होडी' या शब्दाआधी मी अडखळलो असतो. तू बरोबर तिथंच अडखळलास."

फोल्कमार ताटातला बटाटा काट्यानं चिरडत राहिला.

"ऐकताना माझ्या मनात आलं, हा माणूस मला इतका ओळखतो. श्वासापर्यंत ओळखतो. मग यानं त्या दिवशी दार का नाही उघडलं?"

"तुला कळलं होतं?"

"तुझा ठसका जिन्यावर ऐकू आला रे. मी आवाज ओळखत नाही का तुझा?"

"मला भीती वाटली."

"कोणाची?"

"कोणाची नाही. हवालदाराचं काम जाईल याची."

 आर्नोनं हसू आवरत विचारलं, "चांगला होता का रे तो हवालदार?"

"बरा होता. सायकल चांगली चालवायचा."

"मग ठीक आहे," आर्नो म्हणाला. ठीक नव्हतं, पण त्यानं विषय बदलला आणि गेझीनेला कोबीबद्दल विचारायला लागला.

त्यानंतर पत्रं सुरू झाली. आता फोल्कमार उत्तरं द्यायचा. प्रत्येक पत्रात त्याला त्या सभागृहातल्या गप्प बसण्याबद्दल लिहायचं असायचं. समोरासमोर बोलू म्हणून तो ठेवून द्यायचा. दोन हजार एक साली आर्नोला पासष्टावं लागणार होतं. मार्लिसनं निमंत्रण पाठवलं, 'दोघं या, सोफ्यावर झोपायची सोय आहे.' तिकिटं काढली. निघायच्या चार दिवस आधी एका गुन्हे मालिकेतून फोन आला. एक दिवसाचं काम, पण वाक्यं नऊ, आणि प्रेत सापडलेला म्हातारा नाही, खुन्याला पाहिलेला साक्षीदार. तारीख तीच.

"नऊ वाक्यं," गेझीने म्हणाली. "आणि आर्नो एक."

"त्याला कळेल. तो नट आहे."

"तो होता नट."

फोल्कमारनं काम घेतलं. आर्नोला फोन केला. आर्नो म्हणाला, "जा रे, नऊ वाक्यं रोज मिळत नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात ये." मालिका दाखवली तेव्हा साक्षीदाराचा प्रसंग कापला होता. पुढच्या फेब्रुवारीत आर्नो गेला, धडा देऊन परतताना, शाळेच्या दारातच. अंत्ययात्रेच्या दिवशी फोल्कमार तापानं फणफणला होता. खरंच फणफणला होता, पण ते मार्लिसला फोनवर सांगताना त्याचा त्यालाच विश्वास बसेना.

आणखी सात वर्षांनी 'माथिस नावाडी'ची नवी डिस्क निघायची ठरली. माहिती गोळा करणाऱ्या एका तरुण बाईंचा फोन आला. इंजिनियरबद्दल चार शब्द हवे होते. फोल्कमारनं इंजिनियरबद्दल सांगितलं नाही. त्यानं कूनर्टबाई, केक, चार दिवस, जिना, सगळं सांगितलं.

"आवाज माझा आहे. तसं लिहा. आणि माथिसपुढं आर्नो येश्के लिहा, आधी ते लिहा."

"काय विलक्षण माहिती आहे ही!" बाई आनंदून म्हणाल्या. "आमच्या पुस्तिकेत याची छान चौकट होईल."

छान चौकट झाली. इतकी वर्षं जी गोष्ट घशात अडकली होती ती सांगायला आता कोणाचाच अडथळा नव्हता, आणि तिच्यामुळं कोणाचं काही बिघडणारही नव्हतं. कूनर्टबाई वारल्या होत्या. बाजारातल्या माशांच्या गाडीवरही त्याला आता कोणी ओळखत नव्हतं.

पुस्तिका घेऊन तो आणि गेझीने कासेलला गेले. मार्लिस ऐंशीच्या घरात पोचली होती, ताठ होती. तिनं चौकट वाचली, चष्मा काढला. "बरं केलंत," म्हणाली. "आर्नो हे कोणाला सांगायचा नाही. मी विचारलं तर म्हणायचा, ते फोल्कीनं सांगायचं आहे, मी नाही."

मग तिनं उकडलेली अंडी, बटाटे आणि हिरवी चटणी वाढली आणि अंत्ययात्रेबद्दल सांगितलं. चर्चसमोरच्या रस्त्यावर गाड्यांची रांग लागली होती, त्यानं शिकवलेल्यांची. एक रुग्णवाहिकेचा चालक, दोन नर्सबाई, सहा वेळा नापास होऊन सातव्यांदा पास झालेली एक आजी. सगळ्यांनी जाताना दिवे लावले होते, भर दुपारी.

"त्याला तिकडचं काम सुटल्याचं वाईट वाटत होतं का?" फोल्कमारनं विचारलं. वीस-तीस वर्षं तो स्वतःला हेच सांगत आला होता, की आपण आर्नोचं आयुष्य अर्ध्यावर तोडलं.

"पहिली दोन-तीन वर्षं," मार्लिस म्हणाली. "मग नाही. त्याला शिकवायला फार आवडायचं. सुखी होता तो." चष्मा पुन्हा चढवत ती म्हणाली, "तुमची आठवण मात्र काढायचा. कामाची नाही, तुमची."

फोल्कमारनं मान हलवली. आर्नोचं सगळं ठीक चाललं होतं हे ऐकून जीव भांड्यात पडायला हवा होता, तो पडला नाही. आर्नोचं काम गेलं, त्याचं त्यानं दुसरं काम शोधलं. फोल्कमारचं जे गेलं होतं त्याला बदली काही मिळालं नव्हतं, आणि ते त्यानं स्वतःच लोटून दिलं होतं.

"आणखी वाढू?" मार्लिसनं विचारलं.

"त्याला वाढ," गेझीने म्हणाली. "तो मागायचा नाही."

मार्लिसनं त्याच्या ताटात एक बटाटा ठेवला आणि तो मान खाली घालून जेवत राहिला.